तीन बोटं खिळा

“हात आवर,” असं म्हणत तिने रंगवाल्याचं मनगटच धरलं.

रंगवाला दचकला. ब्रशवरचा लाल रंग त्याच्या बुटावर सांडला. सकाळपासून त्याने बागेच्या उत्तरेकडच्या रांगेतल्या सव्वीस झाडांवर फुल्या मारल्या होत्या. सत्ताविसाव्या झाडावर फुलीची एक रेघ ओढून दुसरीसाठी त्याने हात उचलला होता.

“अहो मावशी, यादीत आहे हे,” तो म्हणाला आणि त्याने खिशातून घडी घातलेला कागद काढला. “हे बघा. नंबर एकशे सत्तेचाळीस, लाल निलगिरी.”

“यादी चुकलीय.”

“यादी पाट्यांवरून केलीय. ही काय पाटी, तुमच्या नाकासमोर. आणि पाट्या तर तुम्हीच लिहिता.”

यावर तिच्याकडे उत्तर होतं, पण ते रंगवाल्याला देण्यासारखं नव्हतं. तिने त्याच्या हातातला ब्रश काढून घेतला, डब्यात उभा केला आणि “मी साहेबांना भेटून येते, तोवर चहा पिऊन घे,” असं सांगून ती निघाली. रंगवाल्याला चहाचं कारण पुरेसं होतं.

बागेत सगळे तिला पाटीमावशी म्हणत. बाग सरकारी होती, प्रयोगासाठी लावलेली. निलगिरी म्हटलं की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे एकच झाड येतं: उंच, गोरं, सर्दीच्या बाटलीचा वास येणारं आणि जमिनीतलं पाणी पितं म्हणून शिव्या खाणारं. या बागेत त्याच निलगिरीच्या बावीस जाती होत्या आणि झाडं दोनशे बारा. एकीची साल काळी, खोल चिरांची, खिळाही आत जाऊ नये इतकी टणक. एकीची साल ओढली तर तंतूच तंतू हातात यायचे. एकीचा बुंधा हाताला खडूसारखी पूड लावायचा आणि तिचं पान चुरगाळलं की लिंबाचा वास सुटायचा. सुट्टीच्या दिवशी लोक यायचे, माना वर करून बघायचे आणि “सगळी सारखीच दिसतात की” असं म्हणून निघून जायचे. असं कुणी म्हटलं की मावशीचा पारा चढायचा. “जुळ्यांच्या आईला विचारा एकदा, सारखी दिसतात का ते,” असं ती त्यांच्या पाठीला ऐकवायची.

एकतीस वर्षांपूर्वी ती इथे झाडांना पाणी घालायला लागली. तिचा बाप दुकानांच्या पाट्या रंगवायचा, त्यामुळे अक्षर तिच्या हातात होतं. ते मोठ्या साहेबांच्या लक्षात आलं. मोठे साहेब म्हणजे तेव्हाचे बागेचे प्रमुख. त्यांनी तिच्या हातातली बादली काढून ब्रश दिला. लॅटिन नावं तिला वाचता येत नव्हती, पण काढता बिनचूक यायची. पुढे वाचताही यायला लागली. साल कशी बघायची, पानाच्या शिरा उजेडात धरून कशा बघायच्या, फळाची झडप आत मिटलेली आहे की बाहेर आलेली, हे सगळं तिला मोठ्या साहेबांनीच शिकवलं. त्यांचा एकच नियम होता. कळी हातात आल्याशिवाय नाव लिहायचं नाही. कळी मिळाली नाही तर पाटीवर ‘अनिश्चित’ असं लिहायचं आणि थांबायचं.

आताचे साहेब तिशीतले होते आणि त्यांना इथे येऊन आठच महिने झाले होते. माणूस वाईट नव्हता. पुस्तकात फार आणि बागेत कमी फिरलेला, एवढंच. त्यांच्या टेबलावर फायलींच्या ढिगाला टेकून काचेची एक चौकट उभी होती. मावशीला बघताच त्यांनी ती घाईघाईने पालथी केली, पण तिने वाचायचं ते वाचलं होतं. चार दिवसांनी ती निवृत्त होणार होती आणि त्या दिवशी द्यायचं ते मानपत्र होतं. ‘एकतीस वर्षांच्या सेवेत यांच्या हातून एकही पाटी चुकली नाही.’

“बघितलंत ना?” साहेब ओशाळे हसले. “आता त्या दिवशी पहिल्यांदाच बघितल्यासारखं करा.”

“साहेब, एकशे सत्तेचाळीस नंबर लाल निलगिरी नाही.”

“मग काय आहे?”

“शिंगटोपी.”

निलगिरीच्या कळीला उघडणाऱ्या पाकळ्या नसतात, टोपी असते. उमलायच्या वेळी ती टोपी गळून पडते आणि आतून केसरांचा झुपका बाहेर येतो. लाल निलगिरीची टोपी बुटकी, टोकाला चोच काढल्यासारखी. दुसऱ्या एका जातीची टोपी लांब, निमुळती, शिंगासारखी, म्हणून मजुरांनी तिचं नाव शिंगटोपी ठेवलं होतं. लॅटिन नाव लांबलचक होतं आणि ते साहेबांना पाठ होतं. टोपी आणि बियांचा रंग सोडला तर ही दोन झाडं इतकी एकसारखी की भल्याभल्यांची फसगत व्हावी.

“शिंगटोपी आपल्याकडे राहिलेली नाही,” साहेब म्हणाले. “जुन्या नोंदीत एक होतं. वादळात गेलं.”

“गेलं नाही. मोडलं. बुंध्यातून परत फुटलं.”

साहेब खुर्चीत सरळ बसले. बाहेरचा रस्ता रुंद होणार होता, बागेची भिंत तीस फूट आत येणार होती आणि त्यासाठी उत्तरेची रांग जाणार होती. ती रांग सगळी लाल निलगिरीची, आणि लाल निलगिरी बागेत अजून साठेक होत्या, म्हणून परवानगी चुटकीसरशी मिळाली होती. पण ज्या जातीचं एकच झाड उरलंय त्याला हात लावायचा नाही, भिंत वळवायची, हा खात्याचाच नियम होता.

“मग पाटीवर लाल निलगिरी कशी आली?”

मावशीने तोंड उघडलं आणि मिटलं.

साहेबांनी त्या गप्प बसण्याचा आपल्या परीने अर्थ लावला. “मोठ्या साहेबांची चूक असणार,” ते आवाज खाली आणत म्हणाले. “त्यांनी नाव सांगितलं, तुम्ही लिहिलंत. तसा जबाब मी टाईप करून ठेवतो. ते काही आता हयात नाहीत, कुणाला त्रास नाही. तुम्ही फक्त नमुना आणा, कळ्या आणि फळं असलेली फांदी. चार वाजता ठेकेदार यादीवर सही घ्यायला येतोय, त्याच्या आत. सोमवारपासून तोड सुरू आहे.”

“बरं,” मावशी म्हणाली आणि बाहेर आली. आपण ‘बरं’ का म्हणालो याचा तिला बाहेर आल्याआल्या राग आला.

चूक मोठ्या साहेबांची नव्हती. पंचवीस वर्षांपूर्वीच्या वादळात बागेतल्या सगळ्या पाट्या उडाल्या. नोंदवहीचा नकाशाही भिजून गेला. मोठ्या साहेबांनी तिला सहा महिने दिले आणि सांगितलं, सगळी झाडं नव्याने ओळखून पाट्या लाव, काम चोख झालं तर तुला कायम करून घ्यायला मी भांडतो. तिची मुलगी तेव्हा तीन वर्षांची होती आणि नवऱ्याचं काम कधी असायचं, कधी नसायचं. दोनशे अकरा पाट्या तिने नियमाने केल्या. एकशे सत्तेचाळीसपाशी आली तेव्हा तिथे झाड नव्हतंच, नुसता खुंट होता आणि त्यातून कमरेएवढे कोंब आलेले होते. कळी नाही, फळ नाही. कोंबांची पानं रुंद, मळकट निळसर. रोपवाटिकेतल्या लाल निलगिरीच्या रोपांना अगदी तशीच पानं होती.

निलगिरीचं झाड लहानपणी एक पान काढतं आणि मोठेपणी दुसरंच. तोडलेलं झाड कितीही म्हातारं असो, खुंटातून फुटलं की त्याचं पुन्हा लहानपणापासून सुरू होतं. लाल निलगिरी आणि शिंगटोपी लहानपणी जुळ्या बहिणी. हे तिला माहीत होतं. पण शेवटची पाटी ‘अनिश्चित’ घेऊन साहेबांसमोर उभं राहायचं तिच्या जिवावर आलं. आजूबाजूला सगळी लालच आहे, मग हेही लालच, असं मनाशी म्हणून तिने नाव लिहून टाकलं. मोठ्या साहेबांनी चाळीस झाडं तपासली, तो खुंट त्यांत नव्हता. त्यांनी तिची पाठ थोपटली आणि पुढच्या महिन्यात ती कायम झाली.

पाच वर्षांनी झाडाला पहिल्या कळ्या आल्या. खाली पडलेली एक टोपी तिने उचलली, ती लांब होती. सांगू, सांगू म्हणता मोठे साहेब निवृत्त झाले. मग मुलीची शाळा, मग कॉलेज, मग ते सांगायचं राहूनच गेलं. पाट्यांचा रंग दोन वर्षांत उडतो. दर दोन वर्षांनी ती दोनशे बारा पाट्या नव्याने रंगवायची, आणि त्यात ही एक खोटी पाटीसुद्धा तितक्याच सुबक अक्षरात पुन्हा रंगवायची. त्या दिवशी तिला जेवण जायचं नाही.

घर बागेच्या मागच्या अंगाला, नोकरांच्या चाळीत. नवरा पंपवाला होता. आयुष्यभर दुसऱ्यांच्या विहिरींवरचे पंप दुरुस्त करून आता घरी बसला होता. म्हणजे बसला नव्हता, टेबलावर कागद पसरून शेजारणीच्या मिक्सरचा कोथळा काढत होता. मावशीने उभ्याउभ्याच सगळं सांगितलं. या घरात ही गोष्ट नवी नव्हती. ती जगात ठाऊक असलेला तिच्याशिवाय तो एकटाच.

“मग अडलंय कुठे?” तो म्हणाला. “झाड वाचतंय, तुझं मानपत्र वाचतंय. साहेब तर भला माणूस निघाला.”

“आणि मोठे साहेब?”

“त्यांना जाऊन नऊ वर्षं झाली. ते काय उठून जाब विचारणार आहेत?”

“त्यांनी मला हजार वेळा सांगितलं होतं, कळी बघितल्याशिवाय लिहू नकोस. मी लिहिलं. आणि आता मीच सही करून सांगू, की त्यांनी सांगितलं म्हणून लिहिलं?”

“अगं, चार दिवस राहिलेत तुझे. चार दिवस तोंड मिटून बसता येत नाही तुला?”

“वीस वर्षं बसले की.”

नवऱ्याने पेचकस खाली ठेवला. “पेन्शनचे कागद अडकवतील हं. चौकशी लावतील.”

“लावू देत.”

“पोरीला काय सांगशील?”

“सांगेन, तुझ्या आईनं एक चूक केली आणि वीस वर्षं झाकली. आणि तुझ्या बापानं पंपाच्या किती मोटारी जाळल्या तेही सांगेन एकदाचं.”

“एकच जाळली,” तो दुखावून म्हणाला. “आणि ती आधीच जळलेली होती.”

ती हसली नाही, पण तिचा आवाज जरा खाली आला. “फांदी काढायचीय. चार वाजायच्या आत.”

तो उठला. पलंगाखालून त्याने गलोल काढली. ती त्यानेच तिला करून दिली होती: लोखंडी दुबेळकं, सायकलच्या ट्यूबचे दोन पट्टे आणि नायलॉनच्या दोरीला बांधलेलं शिशाचं वजन. आकडीची काठी तीन माणसं उंच पोचते आणि निलगिरी कळ्या धरते ती त्याच्याही पाचपट वर. मग वजन मारून दोरी फांदीवरून पलीकडे टाकायची, दोन्ही टोकं धरून ओढायची आणि फांदी मोडून खाली आणायची. बागेत हे काम तिच्याइतकं साफ कुणाला जमत नसे. पण गेली तीन वर्षं तिच्या उजव्या खांद्याने असहकार पुकारला होता.

“मी मारतो,” तो झाडाखाली आल्यावर म्हणाला.

“तुम्ही मागच्या वेळी ऑफिसची काच फोडली होती.”

पहिला नेम खाली गेला. दुसरा फांदीला थडकून परत आला आणि रंगवाल्याच्या चहापासून वीतभर अंतरावर पडला. रंगवाला कप घेऊन लांब जाऊन बसला. तिसऱ्या वेळी ट्यूब ताणताना तिच्या खांद्यातून अशी कळ निघाली की तिने डोळेच मिटले, आणि मिटल्या डोळ्यांनीच तिने वजन सोडलं. दोरी सळसळत वर गेली. “पडली! पडली!” नवरा ओरडला. दोघांनी टोकं धरली, पाय रोवले आणि ओढलं. वर काहीतरी कडाडलं आणि हातभर फांदी पानांसकट खाली आली.

तिने ती मांडीवर घेतली. एकेका देठावर सात-सात, आठ-आठ कळ्या होत्या आणि प्रत्येकीच्या डोक्यावर लांब टोपी. तिने एक पिकलेलं फळ तळहातावर ठोकलं. बी सांडलं ते काळं. लाल निलगिरीचं बी पिवळट असतं. वीस वर्षं खालून बघत आलेली कळी तिने पहिल्यांदा हातात घेतली होती. मोठे साहेब असते तर त्यांना काय वाटलं असतं, हा विचार येऊन तिचे डोळे भरले. तिने ते भरू दिले आणि मग पदराने पुसून टाकले.

चारला दहा कमी असताना ती ऑफिसात पोचली तेव्हा ठेकेदार साहेबांसमोर बसून घड्याळ बघत होता. साहेबांनी फांदी उलटसुलट केली, भिंगातून टोपी बघितली, पुस्तक उघडून मिटलं.

“शिंगटोपीच आहे,” ते म्हणाले. त्यांचा चेहरा उजळला होता. टाईप केलेला कागद त्यांनी पुढे सरकवला. “इथे सही करा, झालं.”

तिने कागद वाचला. ‘तत्कालीन प्रमुखांच्या तोंडी सूचनेनुसार’ असं त्यात होतं. तिने तो उलटा केला, टेबलावरचं पेन उचललं आणि मागच्या कोऱ्या बाजूवर लिहायला लागली. दुकानाच्या पाटीसारखं सुटं, गोल अक्षर.

‘एकशे सत्तेचाळीस नंबरची पाटी मी चुकीची लिहिली. कळी न बघता नाव लिहिलं. पाच वर्षांनी चूक कळली, तरी पुढची वीस वर्षं दुरुस्त केली नाही. मोठ्या साहेबांचा यात काही संबंध नाही. झाड शिंगटोपीचं आहे. फांदी सोबत जोडली आहे.’ खाली तिने सही केली.

साहेबांनी वाचलं आणि त्यांचा चेहरा पडला. “मावशी, हे काय करून ठेवलंत? हे मी वर पाठवलं तर ते पहिला प्रश्न काय विचारतील? एक पाटी तुम्ही जाणूनबुजून खोटी ठेवलीत, मग बाकीच्या दोनशे अकरांवर कुणी विश्वास ठेवायचा? अख्खी यादी संशयात. तुमची सगळी नोकरी संशयात.”

“म्हणजे सोमवारचं माझं काम गेलं?” ठेकेदार उसळला. “एका बाईच्या पाटीपायी?”

“तपासा की मग,” मावशी साहेबांना म्हणाली. “झाडं जागेवर आहेत, मी जागेवर आहे. अजून उजेड आहे. पाट्या झाका आणि मला विचारा.”

“मावशी, कशाला...”

“नाही, तपासाच. कुणी माझ्या पाठीमागे म्हणायला नको, एक चुकली तर बाकीच्याही तशाच असतील. एक चुकली. एकच. ती कुठली ते मी लिहून दिलंय.” तिचा आवाज चढला होता आणि तो खाली आणायची तिला गरज वाटली नाही.

साहेबांनी नोंदवहीतून डोळे मिटून तीस नंबर काढले. रंगवाला पुढे जाऊन त्या झाडांच्या पाट्यांवर कागदी पिशव्या चढवत गेला. मागून मावशी, साहेब हातात पुस्तक घेऊन, ठेकेदार तोंड पाडून आणि सगळ्यांत शेवटी गलोल खांद्यावर टाकलेला पंपवाला.

पहिल्या झाडाला तिने नुसता तळहात लावला. काळ्या चिरांमधून डिंक ओघळून वाळला होता. “लोखंडसाली.” दुसऱ्याची पूड हाताला लागली, तिने पानही चुरगाळलं नाही. “लिंबूवास. तुम्ही हवं तर वास घ्या.” ठेकेदाराने खरंच पान चुरगाळून नाकाशी नेलं. तिसऱ्यापाशी साहेब पुस्तकात बघून म्हणाले, “साल खरखरीत दिसते.” मावशी म्हणाली, “साहेब, मान वर करा. खाली नुसता मोजा घातलाय त्यानं, पुरुषभर उंचीचा. वर सगळं गुळगुळीत आहे. बुंध्याजवळ उभं राहून नाव ठेवलं की चुकतं. मला विचारा ना.” चौथ्याच्या खाली सालीच्या लांब लांब चिंध्या पडल्या होत्या आणि फांदीवर मोठी, फोड आल्यासारखी एकेकटी कळी होती. तिने नाव सांगितलं, साहेबांनी पिशवी उचलून बघितलं, खूण केली. दहाव्या झाडानंतर ठेकेदार घड्याळ बघायचा विसरला. पंधराव्यानंतर साहेबांनी पुस्तक काखेत मारलं.

एकविसावं झाड म्हणजे त्रेसष्ट नंबर. जुनं झाड गेल्या वर्षी, शेवटच्या रंगकामानंतर, वाळवीने मेलं होतं आणि त्याच्या बुडाशी आपोआप आलेलं एक पोरसवदा झाड तेवढं उरलं होतं. पाटी जुनीच. मावशी त्याच्याभोवती दोन फेऱ्या फिरली. साल बघितली, पान उजेडात धरलं, खाली बसून पाचोळा चाळला. मग उठली.

“याचं सांगता येणार नाही.”

साहेबांनी पिशवी उचलून पाहिली. “पण पाटीवर नाव आहे.”

“असणारच. मीच लिहिलंय. पण ते मेलेल्या झाडाचं आहे. हे नवीन आलंय, शेजारी तीन जाती आहेत, मधमाश्यांनी परागांची काय सरमिसळ केली असेल ती त्यांनाच ठाऊक. याला अजून एकही कळी आलेली नाही.”

“पान तर त्याच जातीचं दिसतंय. अंदाजाने सांगा ना. तीसच्या तीस होतील तुमचे.”

“नाही,” ती म्हणाली. “लिहा, अनिश्चित.”

साहेबांनी तो शब्द लिहिला. मावशीने तो त्यांच्या हातावरून वाकून नीट वाचला आणि मगच पुढच्या झाडाकडे वळली. उरलेली नऊ तिने चालता चालता सांगितली.

तिचा कागद जसाच्या तसा वर गेला. सोबत साहेबांनी स्वतःचं पान जोडलं, तीसपैकी एकोणतीस बरोबर, एक अनिश्चित, आणि अनिश्चित हेच बरोबर. बाकीच्या सव्वीस झाडांची तोड मात्र कुणी अडवली नाही. सोमवारी करवती लागल्या आणि तिच्या निरोपाच्या दिवशी सकाळी उत्तरेला नुसतं आभाळ दिसत होतं. वरून उत्तर आलं होतं. एकशे सत्तेचाळीसबाबत पुढच्या महिन्यात सुनावणी होईल, तोपर्यंत झाड तोडू नये. संबंधित कर्मचाऱ्याचे निवृत्तीचे कागद चौकशी पूर्ण होईपर्यंत थांबवावेत.

साहेबांनी उत्तर तिला वाचून दाखवलं आणि मग ते चौकटीकडे बघून घुटमळले. “नवीन छापायला वेळ नाही. ती ओळ...”

“काच काढा, मी खोडते.”

“खोडलेलं दिसेल ना.”

“दिसू दे.”

तिने काळ्या रंगाचा एक सरळ पट्टा मारला, कडा अगदी कापल्यासारख्या. कार्यक्रम अर्ध्या तासात उरकला. साहेब बोलले, टाळ्या वाजल्या, चौकट पिशवीत गेली. त्यानंतर ती हातोडी आणि नवी पाटी घेऊन उत्तरेकडे निघाली.

सव्वीस खुंटांच्या शेवटी ते एकटं झाड उभं होतं. जुन्या पाटीचा खिळा सालीत घट्ट रुतला होता. तो पंपवाल्याने पकडीने ओढून काढला. रंगवाला कुंपणाच्या खांबांना रंग देत होता, तो आपणहून आला आणि त्याने स्टूल धरलं. मावशी चढली. पाटीवर वर नंबर, मधे लॅटिन नाव आणि खाली ‘शिंगटोपी’ होतं. हे शेवटचं नाव सरकारी पाटीवर कधीच लिहीत नसत. चार ठोक्यांत खिळा बसला आणि ती थांबली. पाटी आणि खिळ्याचं डोकं यांच्यामध्ये तिने बोटं आडवी धरून बघितली. एक, दोन, तीन.

“ठोका की अजून,” रंगवाला खालून म्हणाला. “केवढा बाहेर राहिलाय. तुम्ही तर दोन बोटं ठेवता ना?”

“दर दोन वर्षांनी मी यायचे तो पुढे ओढायला. आता कोण येणार? झाड जाड होतं, खिळा पुरा ठोकला तर पाटी सालीच्या पोटात जाते. तीन बोटं म्हणजे पंधरा वर्षं तरी निघतील.”

“झाड राहणार की नाही ते पुढच्या महिन्यात ठरायचंय, मावशी. आणि तुम्ही पंधरा वर्षांचा खिळा ठोकताय.”

“हो,” ती म्हणाली. “ठोकतेय.”

ती स्टुलावरून उतरली, हातोडी नवऱ्याकडे दिली आणि दोन पावलं मागे जाऊन पाटी सरळ आहे का ते बघितलं. पाटीखाली फुलीची ती एकच लाल रेघ तशीच होती. तिने ती पुसायला सांगितली नाही.